उणं काढून घडवलेला माणूस

मावला, आदिलाबाद
३ मार्च

चि. मयूरी,

तू माझा नंबर ब्लॉक केला आहेस. ठीक. पोस्टमनला ब्लॉक करायची सोय अजून निघालेली नाही, म्हणून कागद घेतला. फाडायचं असेल तर वाचून फाड. न वाचता फाडणारी माणसं मला भित्री वाटतात, आणि तू भित्री नाहीस.

फोनवर मी काय म्हणाले ते पुन्हा लिहिते, मागून शब्द फिरवले असं व्हायला नको. मी म्हणाले, "परवा तुला फोन करून ज्याने माफी मागितली, तो तुझा बाप नाही." तू म्हणालीस, "मावशी, तुला कोणाचं बरं झालेलं बघवतच नाही." आणि फोन बंद.

मला बघवत नाही? डिसेंबरात त्याला लकवा मारला तेव्हा तू कोइमतूरहून आली नाहीस. मी तुला एका शब्दाने बोलले नाही. ज्या माणसाने तुझ्या नवऱ्याला, गोपालला, जातीपायी ओसरी चढू दिली नाही, अंगणात उभं करून ओंजळीत वरून पाणी ओतलं, त्याच्या खाटेशी ये असं मी कुठल्या तोंडाने म्हणणार होते? दवाखान्यात मीच होते. उजवी बाजू लुळी, तोंड वाकडं, आणि तशातही मला बघून पहिलं वाक्य काय? "मेमबाई, पेढे वाटाले आली का?" निम्मे शब्द लाळेत वाहून गेले, पण उरलेले पुरेसे होते.

मी कॉन्व्हेंटात शिकले याचा त्याने आयुष्यभर सूड घेतला. मेमबाई काय, लाटसायबीण काय. तुझ्या आईला आमच्या वडिलांनी गावच्या मराठी शाळेत घातलं आणि मला निजामाबादला नन्सच्या हाती दिलं, त्यात माझा काय गुन्हा? असो. सांगायचं ते हे, की तो माणूस मला कधी आवडला नाही. हे लक्षात ठेवून पुढचं वाच.

मी जन्म टेलिफोन एक्सचेंजमध्ये काढला. माणूस 'हॅलो' म्हणाला की तो उपाशी आहे की खोटं बोलतोय ते मला कळतं. गेल्या आठवड्यात तुझ्या बापाने मला फोन केला. जीभ अगदी साफ. म्हणाला, "मथुराताई, तुमचे लई उपकार हाय माह्यावर. देव तुमाले सुखी ठेवो."

मथुराताई!

आवाज त्याचाच होता, मयूरी. आत कोणी नव्हतं.

मी तुमच्या घरी तामसीला जाऊन बघून येते आणि कळवते. तू उत्तर देणार नाहीस हे गृहीत धरलं आहे.

मथुरामावशी


मावला
११ मार्च

मयूरी,

जाऊन आले. दोन रात्री झोप नाही. कॉफी वाढली आहे, जी मला वर्ज्य आहे.

आधी तुझ्या बापाला बरं करणाऱ्या त्या मारोतरावाविषयी. तुला तो कापसाच्या मार्केटात फिरणारा दलाल म्हणून आठवत असेल. आता पांढरा सदरा घालतो आणि हळू बोलतो. पैनगंगेच्या काठी कोणा साधूकडून एक विद्या घेऊन आला म्हणे. तिला 'घडण' म्हणतात. दर गुरुवारी संध्याकाळी तुमच्याच ओसरीवर बैठक बसते. माणसं गोल बसतात, डोळे उघडे ठेवतात, आणि जे हवं ते झालंच आहे असं एकेक जण बोलतो. 'व्हावं' म्हणायचं नाही, 'झालं' म्हणायचं. एकाने बोललेलं बाकीच्यांनी मनात धरायचं. सगळ्यांनी एकदम धरलं की ते बसतं.

मी मारोतरावाला विचारलं, "बसतं म्हणजे काय? गादीवर?"

तो रागावत नाही. हाच माझा पहिला संशय. म्हणाला, "पाहा अक्का, जग म्हंजे काय? समद्यायनं मिळून धरलेला इचार. तुमी म्हन्ता भिंत हाय, मी म्हन्तो भिंत हाय, म्हून भिंत हाय."

"मग मी म्हणते नाही. जाऊन दाखवू तिच्यातून?"

"एकट्यानं नाई होत. अन् तुमच्यानं तं बिलकुल नाई. राग नका मानू, तुमी गळती हाय."

गळती म्हणजे शंका घेणारं माणूस. बैठकीत असा एक जरी बसला तरी धरलेलं निसटतं. मला ओसरीच्या पायरीखाली खुर्ची दिली गेली. मी बसले नाही, उभी राहिले.

आता तू म्हणशील, मावशी, हे सगळं थोतांड आहे असं लिही आणि पत्र संपव. लिहिलं असतं. पण तुमच्या स्वयंपाकघराबाहेर रांजण आहे ना, तू लहानपणी बत्ता आपटून ज्याला भेग पाडली होतीस तो? भेग नाही. सिमेंट नाही, लाख नाही, जोड नाही. मी चष्मा लावून, बोट फिरवून बघितलं. नवाकोरा. तुझी आई म्हणाली, "पहिले हेच घडवलं होतं आमी. शिकाले म्हून."

मी गडूने पाणी काढून प्यायले. कोमट! मार्चचं ऊन, रांजण सावलीत, आणि पाणी नळाच्या पाण्यासारखं.

"जयवंता, हा पाझरत का नाही गं?"

ती म्हणाली, "भाग्यलक्ष्मी वहिनीनं सांगतलं का थेंबभर पानी बाहीर येत नाई. समद्यायनं धरलं. तवापासून येतच नाई."

भाग्यलक्ष्मी म्हणजे मारोतरावाची बायको. रांजण पाझरतो म्हणून पाणी गार होतं, हे त्या गोल बसलेल्या एकाच्याही ध्यानात आलं नाही. पाझर म्हणजे खोट, असं समजून काढून टाकला. मला तिथेच समजायला हवं होतं. पण मग तुझा बाप बाहेर आला.

चालत आला. काठीशिवाय. तोंड सरळ. हात जोडून वाकला आणि म्हणाला, "या ताई. ऊन लई हाय. आंग धुता का?" मी मुद्दाम म्हटलं, "पांडुरंगराव, गेल्या दिवाळीला पत्त्यात लबाडी केलीत ती मी विसरलेले नाही." जुना असता तर अंगणभर ओरडला असता, की लबाडी तू केली, तुझ्या नन्सनी केली, तुझ्या येशूनं केली. हा हसला. म्हणाला, "चूक झाली असन ताई. माफ करा."

त्याच्या डोळ्यांत मी बराच वेळ बघितलं. स्वच्छ पुसलेल्या पाटीसारखे होते.

त्याला कसा घडवला ते तुझ्या आईकडून काढून घेतलं. आपल्याकडची रीत तुला माहीत आहे, खाटेवर पडलेल्या माणसाचं उणं बोलू नये. तर बैठकीत एकेकाने उठून त्याच्याविषयी चांगलं बोलायचं, बाकीच्यांनी ते धरायचं. शेताच्या धुऱ्यावरून ज्याच्याशी याची कोर्टकचेरी चालली तो फकिरा म्हणाला, पांडुरंगराव कधी कोनाले वाकडं बोल्ले नाई. किराणावाला राजकुमार म्हणाला, मानूस मोठा शांत. भाग्यलक्ष्मी म्हणाली, वहिनीच्या हातचं जे असन ते गोड मानून खाल्लं. तेराव्याला बोलतात तसं, मयूरी! माणूस जिवंत असताना त्याच्या तेराव्याची भाषणं केली, आणि ती भाषणं उठून चालायला लागली.

याला विद्या म्हणायचं की मूर्खपणा, ते मला ठरवता आलेलं नाही. पण डोळ्यांनी पाहिलेलं नाकारायला मला शिकवलेलं नाही.

म.


मावला
२० मार्च

मयूरी,

तुझं कार्ड मिळालं. दोन ओळी. "मावशी, तू यात पडू नकोस. मला हाच बाप पाहिजे." खाली सही पण नाही. अक्षर मात्र सुधारलं आहे.

मी रागाने कार्ड उलटं करून ठेवलं, आणि मग दिवसभर सुलटं करून बघत राहिले. तुला हाच पाहिजे, हे मला समजत नाही असं नाही. तुझी माफी मागायला त्याने इतकी वर्षं घेतली. कोणालाही ती हवी असेल. पण ती कुठून आली ते तरी ऐकून घे.

ती भाग्यलक्ष्मीने रचली. बैठकीत उठून म्हणाली, "पांडुरंगभाऊनं पोरीची अन् जावयाची माफी मागतली." सगळ्यांनी धरलं. दुसऱ्या दिवशी सकाळी तुझ्या बापाने चहा पिता पिता फोन उचलला आणि तुला लावला. मी हे तुझ्या आईच्या तोंडून ऐकलं आहे. शब्दही भाग्यलक्ष्मीचेच. "पोरी, मनात काई ठेवू नको, झालं गेलं गंगेला मिळालं." हेच म्हणाला ना? तुझा बाप गंगेला कधी गेला नाही, आणि झालेलं काही त्याने कधी कुठे मिळू दिलं नाही.

आणि ती धरणारी माणसं कोण? तू विसरली असशील, अंगणात गोपाल उभा होता त्या दुपारी समोरच्या ओट्यावर कोण कोण बसलं होतं. मारोतराव होता. राजकुमार होता. भाग्यलक्ष्मी दारात उभी राहून पदराआड बघत होती. एकजण उठून म्हणाला का, की बाबा, वर ये, गडूने पाणी पी? आता तुझ्या बापाच्या तोंडाने माफी मागून सगळे मोकळे होत आहेत. स्वतःच्या तोंडाला खर्च नको.

हे मी रागात लिहिते आहे, हे मान्य. पण राग आहे म्हणून ते खोटं होत नाही.

आता खरी गोष्ट. पाडव्याच्या संध्याकाळी शेवटची बैठक आहे. तिला 'पक्की' म्हणतात. आतापर्यंत घडवलेलं सुटू शकतं. पक्की झाली की सुटत नाही. मी मारोतरावाला फोन करून विचारलं, "आणि मग आधीचा माणूस?"

"आधीचा कोनता, अक्का? पक्की झाल्यावर आधीचं कोनाले आठवतच नाई. दुखनंच ऱ्हात नाई पाहा."

"कोणालाच नाही?"

"ज्यायचं ज्यायचं त्याच्याशी नातं, त्या कोनालेच नाई."

म्हणजे पाडव्यानंतर तुलाही आठवणार नाही, की गोपालला बाहेर पाणी दिलं होतं. गोपाललाही नाही. कोणी काही केलंच नव्हतं. तामसीत सगळे सभ्य. तू सुट्टीत येशील, हसशील, लाडू खाशील, आणि आपण इतकी वर्षं का आलो नाही ते तुलाच कळणार नाही.

हे तुला चालेल? मी विचारते आहे. शाळेत सिस्टर म्हणायच्या, क्षमा करायला आधी आठवावं लागतं. त्या बाईचं बाकी काही मला पटलं नाही.

उत्तर पाठव. सहीसकट.

मथुरामावशी


मावला
२७ मार्च

मयूरी,

उत्तर नाही. बरं.

आज तुझी आई आली होती. एकटी, तामसीहून बसने. लग्न झाल्यापासून ती माझ्या दारात एकटी कधी आली नव्हती. त्याला खपायचं नाही. आज विचारलं तर म्हणाला, "जाय ना, खुशीनं जाय." ते सांगताना तिच्या तोंडावर खुशी नव्हती.

बसल्या बसल्या पिशवीचा बंद पिळत राहिली. मग म्हणाली, "अक्का, काल म्या भाजीत मीठच नाई टाकलं."

"विसरलीस?"

"मुद्दाम. परवा डबल टाकलं होतं. त्यानं दोनी दिस खाल्लं. म्हने, ग्वाड झालं."

"मग?"

"मंग काय? पहिले ताट हातात याच्या आधी बोंबलत होता, मीठ नाई म्हून. चाखलंबी नसे. मी म्हनो, मेल्या, आधी खाय तं खरं." ती हसली, आणि हसता हसता तोंडावर पदर घेतला. "आता घरात बोलाले कोनी नाई ना अक्का."

मी म्हटलं, "तू तर सुखात आहेस असं सगळे म्हणतात. वाकडा शब्द नाही, शिवी नाही."

"सुखच हाय. कोन नाई म्हन्ते? पन दुसऱ्याच्या घरी पाव्हनी गेल्यावानी वाटून राह्यलं."

मग तिने विचारलं ते मला अपेक्षित नव्हतं. "अक्का, तो कसा होता ते सांग ना. मले आत्ताच निसटाले लागलं. रातच्याले आठवाले जातो तं ह्यो हासनाराच समोर येते."

मी सांगायला सुरुवात केली. माझ्याकडे साठा कमी नाही. त्याचा कंजूषपणा, त्याच्या शिव्या, माझ्या वडिलांच्या मयताला उशिरा आला ते, पत्ते, मेमबाई. पाच-दहा मिनिटं मी बोलत होते. तिने मध्येच हात धरला.

"तो नाई हा."

"नाही कसा? मी स्वतः बघितलंय."

"तुह्यावाला बी घडवेलच हाय अक्का. त्यायनं उणं काढून घडवला, तुनं उण्याचाच घडवला. मले बाळंतपनात ताप आल्ता तवा रातभर पाय चेपले त्यानं. सकायी म्हने, कोनाले सांगशीन तं पाहाय. हे तुले कसं ठाऊक असन?"

मला नव्हतं ठाऊक. मी कॉफी करायला आत गेले. दूध उतू गेलं.

परत आले तेव्हा ती उठून उभी होती, बसची वेळ झाली म्हणून. मी विचारलं, "जयवंता, खरं सांग. त्याला गोपालविषयी पस्तावा होता का?"

तिने पिशवी खांद्याला लावली. मग म्हणाली, "मले नाई माहीत. कवा बोल्लाच नाई. पन त्याले पस्तावा हाय का नाई, हेच तं पाहाचं होतं मले. तो जिता हाय तवर. आता कोनाचा पाहू?"

मी तिला म्हटलं, पक्की होऊ देऊ नकोस. ती म्हणाली, "मारोतभाऊ म्हन्ते, सुटलं तं लकवाबी वापस येईन. मंग तो लुळा होईन अक्का. म्या करू लुळा त्याले?"

  तिला बसमध्ये बसवून दिलं. खिडकीतून म्हणाली, "पाडव्याले ये. पायरीखाली बस, पन ये."

मी येणार आहे. काय करणार ते मलाच माहीत नाही. तू असतीस तर भांडायला तरी कोणी असतं.

मथुरामावशी


तामसी
२ एप्रिल

मयूरी,

हे तुमच्याच घरातून लिहिते आहे. पाडव्यापासून चौथा दिवस. पाठ धरली आहे.

काल आईने तुला फोन लावला आणि तू जे बोललीस ते बोललीस. 'म्हाताऱ्या बायकांनी माझा बाप हिरावून घेतला' हे सुद्धा. मी समोरच होते. म्हातारी हा शब्द मला चालतो, हिरावून घेतला हा चालत नाही. म्हणून काय झालं ते सरळ सांगते.

पाडव्याला ओसरी भरली होती. दारात गुढी, आत पुरणाचा वास, मारोतराव मधोमध, तुझा बाप त्याच्या शेजारी पाटावर, नवीन धोतर नेसवलेला, नवरदेवासारखा. मी पायरीखाली. मनातल्या मनात मी तयारी करून गेले होते, की सगळे धरतील तेव्हा आपण आपला पांडुरंगराव धरायचा, शिव्यांसकट. धरून बघितला. येईना. माझ्या डोळ्यांसमोर नुसतं एक चिडकं तोंड येत होतं, त्याला अंग नव्हतं. तुझी आई खरं बोलली होती. माझाही घडवलेलाच होता, आणि वाईट घडवलेला.

एकेकजण उठला. शांत मानूस. देवमानूस. गावाचं भूषन. प्रत्येक वाक्यासरशी तुझ्या बापाचा चेहरा आणखी गुळगुळीत होत गेला. हे मी रंगवून सांगत नाही. कपाळावर बैलाचं शिंग लागल्याचा व्रण होता ना? तो माझ्या समोर पुसट झाला. मी चष्मा पुसून पुन्हा बघितलं. 

शेवटी बायकोची पाळी असते. तिने बोललं की पक्की.

जयवंता उठली. मारोतराव गोड आवाजात म्हणाला, "बोला वहिनी. झालं म्हना."

ती म्हणाली, "त्यानं माह्या जावयाले पानी बाहीर देल्लं."

मारोतरावाने हात वर केला.

"वहिनी, उणं नाई बोलत."

"उणं नाई बोलून राह्यली, भाऊ. झालं ते बोलून राह्यली. तुमीच तं म्हन्ता, झालं म्हना." ती समोरच्या ओट्याकडे हात करून बोलत होती. "गडू म्या नेल्ता. त्यानं सांगतलं अन् म्या नेल्ता. वरून वतलं. त्या पोरानं ओंजळीनं पेलं अन् मले म्हने, बस झालं आई. आई म्हने मले! तुमी समदे त्या ओट्यावर होते. मारोतभाऊ, तुमी बिडी पेत होते. राजकुमार, तू खालती पाहात होता. भाग्यलक्ष्मी, तू दारात होती. धरा आता. धरा ना, काऊन नाई धरत?"

त्यांनी धरायचा प्रयत्न केला की न धरायचा, देव जाणे. पण ती जे सांगत होती ते प्रत्येकाने डोळ्यांनी पाहिलेलं होतं, मयूरी. ते न धरणं त्यांच्या हातात नव्हतं. भाग्यलक्ष्मीने तोंड फिरवलं. फकिरा उठून चपला शोधायला लागला. मारोतराव नुसता "गळती, गळती" म्हणत होता, जशी काही बादली फुटली आहे.

आणि पाटावर तुझा बाप कलंडला. आधी उजवा हात मांडीवरून खाली पडला, मग खांदा, मग ओठाची कड. मी पायरी चढले, कोणाला न विचारता, आणि त्याला पाठीमागून धरलं. तो जड होता. डोळे वर करून माझ्याकडे बघितलं, आणि त्या डोळ्यांत कोणीतरी होतं.

"म... मेम... हात... काढ," म्हणाला. पुढे एक शिवी, ती मी लिहीत नाही.

तुझी आई खाली बसून रडत होती आणि त्याच्या तोंडाची लाळ पुसत होती. "बोंबल," म्हणत होती, "बोंबल माह्या राजा."

दुसऱ्या दिवशी आदिलाबादला डॉक्टरकडे नेलं. घडण सुरू झाल्यापासून गोळ्या बंद केल्याबद्दल त्याने आम्हालाच झापलं, आणि बरोबर केलं. व्यायामाने थोडंफार येईल म्हणतो. काठी लागेल. हात बहुतेक नाही. हे लपवून तुला पत्र गोड करणार नाही. तुझ्या आईने लुळा नवरा मागून घेतला आहे, आणि तो रात्रंदिवस तिला छळतो आहे. गावात आमच्याशी बोलायला कोणी येत नाही. राजकुमारच्या दुकानात जयवंताला सामान देताना तो नजर वर करत नाही. हेही झालं आहे.

आता कालचा फोन. आईने स्पीकरवर लावला होता, तिला ऐकू कमी येतं म्हणून. तू ओरडलीस, "ज्याने माझ्या नवऱ्याला कुत्र्यासारखं अंगणात उभं केलं, तो बाप मला परत कशाला आणून दिलात? मेला असता तर बरं झालं असतं." आणि फोन ठेवलास.

खाट दाराच्या आतच होती. त्याने सगळं ऐकलं.

तुझी आई हातातल्या फोनकडे बघत राहिली. मी पुढे होऊन काहीतरी सारवासारव करणार होते. त्याने डावा हात वर केला, गप्प बसा म्हणून. मग बोलायला लागला. एक शब्द काढायला त्याला किती वेळ लागतो ते तू बघितलेलं नाहीस. ओठ जुळत नाहीत, मान ताणतो, घाम येतो. आम्ही दोघी उभ्या होतो. शेवटी निघालं.

"ब... बराबर बोल्ली."

आणि भिंतीकडे तोंड केलं. संध्याकाळी जेवला नाही. मीठ नाही असंही म्हणाला नाही.

याला मी माफी म्हणत नाही. तूही म्हणू नकोस. उद्या विचारलं तर नाकारेल, शिव्या देईल, तो तसाच आहे. मी फक्त तुला कळवते आहे, की हे शब्द त्याच्या तोंडात कोणी ठेवले नव्हते. आम्ही दोघी घरात होतो आणि आमच्यापैकी कोणीही तसं मनात आणलं नव्हतं. मनात आणण्याइतका आमचा त्याच्यावर विश्वासच नव्हता.

यायचं की नाही ते तू आणि गोपाल ठरवा. मी आग्रह करणार नाही.

मथुरामावशी